आधी कोण म्हणालं?

गेल्या हिवाळ्यातली गोष्ट. रविवारी सकाळी फिरून आल्यावर आम्हा चार-पाच निवृत्तांची बैठक कुणा ना कुणाच्या घरी बसते. त्या दिवशी ती माझ्याकडे होती. तर्रीपोहे झाले, चहाची दुसरी फेरी झाली, महापालिकेला शिव्या देऊन झाल्या. माझी नात कोपऱ्यात पुस्तक उघडून बसली होती. ती बी. ए.च्या पहिल्या वर्षाला आहे आणि तिनं तत्त्वज्ञान हा विषय घेतला आहे. आमच्यातल्या एकानं सहज विचारलं, "काय वाचून राहिली गं?"

"देकार्त," ती म्हणाली, आणि आम्हा म्हाताऱ्यांना कळेल अशा बेतानं तिनं सांगितलं की सतराव्या शतकातल्या या फ्रेंच माणसानं ठरवून सगळ्यावर संशय घेतला. डोळ्यांना दिसतं त्यावर, जगावर, स्वतःच्या शरीरावरसुद्धा. शेवटी एक गोष्ट उरली. संशय घेणारा कोणीतरी आहे, यावर संशय घेता येईना.

माझा मित्र हसला. "अरे बाप्पा, एवढंच? हे तर आपल्या शंकराचार्यांनी त्याच्या आठशे वर्षं आधी सांगून ठेवलं आहे!"

सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही डोलावली. नात क्षणभर थांबली आणि म्हणाली, "आधी कोण म्हणालं ते कळलं, आजोबा. पण दोघं एकच म्हणतात का?"

वाचकहो, पाच जणांचं मिळून सव्वातीनशे वर्षांचं आयुष्य त्या खोलीत बसलं होतं. पण कुणाच्या तोंडून शब्द निघेना. कारण उघड होतं. देकार्त आम्ही वाचलेला नव्हता आणि शंकराचार्यांचं भाष्यही वाचलेलं नव्हतं. अभिमान मात्र आम्ही पुरेपूर बाळगून होतो.

त्या प्रश्नानं माझे पुढचे काही महिने घेतले. वाचनालयातून पुस्तकं आणली, नातीच्या नोट्स चाळल्या. कळलं ते थोडक्यात असं. मित्र अगदीच चुकीचं बोलला नव्हता. आत्म्याचा निषेध करता येत नाही, कारण निषेध करणाराच तो असतो, असा युक्तिवाद शंकराचार्यांच्या ब्रह्मसूत्रभाष्यात खरोखर आहे. पण तिथून दोघांच्या वाटा फुटतात. देकार्तला जगाविषयीच्या ज्ञानासाठी पक्का पाया हवा होता. त्याला सापडलेला 'मी' हा विचार करणारा एक एकटा जीव आहे, आणि त्याच्या आधारानं तो पुढं देव सिद्ध करतो आणि मग बाहेरचं जग परत मिळवतो. शंकराचार्यांना जग परत मिळवायचं नाही. ज्याला आपण रोज 'मी' म्हणतो, तो अमक्याचा मुलगा, तमक्या हुद्द्यावरचा 'मी', हाच मुळात एकावर दुसऱ्याचा आरोप आहे, अध्यास आहे, असं ते म्हणतात. तो आरोप दूर केला की उरतं ते कुणा एकाचं नसतं. म्हणजे देकार्त जिथं पाय रोवतो, नेमकी तीच जमीन शंकराचार्य खणून काढतात. आणि या दोघांच्याही पुष्कळ आधी होऊन गेलेले बौद्ध म्हणतात की विचार आहेत, पण त्यांच्यामागं विचार करणारा कुणी कायमचा बसला आहे हे तुम्ही कशावरून धरलं?

'आधी कोण' या प्रश्नाचं उत्तर अर्ध्या मिनिटात देता येतं. 'एकच का' या प्रश्नानं मला कामाला लावलं. आपण मात्र गेली शंभर-सव्वाशे वर्षं पहिल्याच प्रश्नावर अडून बसलो आहोत, असं माझं मत झालं आहे. या लेखात मी ते मांडणार आहे.

याला दुसरीही बाजू आहे. 'आमच्याकडे हे आधीच होतं' म्हणणाऱ्यांचा एक वर्ग, तसा 'खरं तत्त्वज्ञान ग्रीसमध्ये जन्मलं, आपल्याकडे नुसता धर्म' म्हणणाऱ्यांचाही एक वर्ग आहे. दोघं एकमेकांशी कितीही भांडोत, त्यांची सवय एकच. दोघांनाही दाखला पश्चिमेचाच लागतो. शोपेनहॉवरनं उपनिषदांची वाहवा केली, हे आपण छाती फुगवून सांगतो. ती उपनिषदं त्याच्या हाती कशी आली, हे क्वचितच सांगतो. दारा शुकोहनं १६५७ साली काशीच्या पंडितांच्या मदतीनं उपनिषदांचं फार्सी भाषांतर सिद्ध केलं. त्यावरून आंकेतिल-द्यूपेराँ या फ्रेंच विद्वानानं लॅटिन भाषांतर केलं, ते १८०१-०२ मध्ये छापलं गेलं, आणि शोपेनहॉवरनं वाचलं ते हे. संस्कृत, फार्सी, लॅटिन अशी तीन घरं हिंडलेला हा ग्रंथ. 'आमचं' आणि 'त्यांचं' अशी वाटणी करायला बसलं की या प्रवासाचा हिशेब कुठल्या खात्यावर मांडायचा?

खात्याचा विषय निघालाच आहे तर बँकेतली एक गोष्ट सांगतो. ती मला फारशी भूषणावह नाही.

एका लहान गावातल्या शाखेत मी अधिकारी होतो. १९८० च्या दशकाचा शेवट असावा. संगणक नव्हते, लेजर होती. एका संध्याकाळी कॅश टॅली होईना. पाचशे रुपये कमी. आठ वाजेपर्यंत आम्ही व्हाउचर उलटीपालटी केली, नोटांची बंडलं पुन्हा मोजली, काही हाती लागलं नाही. कमी पडलेली रक्कम कॅशियरनं भरायची, हा नियम. कॅशियर तरुण होता, घरी आजारी आई, दोन बहिणी. त्याचा चेहरा पाहवत नव्हता. त्याला धीर द्यावा म्हणून मी, तेव्हा माझ्या कथा मासिकांत छापून येऊ लागल्या होत्या, जरा भारदस्त आवाज काढून म्हणालो, "अरे, एवढं मनाला लावून घेऊ नकोस. शेवटी हे सगळं मिथ्याच आहे."

त्यानं मान वर केली. "साहेब, मिथ्या असेल तर माझ्या पगारातून कापू नका."

मी निरुत्तर झालो. पैसे अर्थातच कापले गेले. मी त्यातला काही वाटा उचलू शकलो असतो, तोही उचलला नाही. नियम नियमाच्या जागी राहिला, तत्त्वज्ञान तत्त्वज्ञानाच्या जागी, आणि मी जेवायला घरी गेलो.

आज मला कळतं की त्या पोरानं अद्वैताला विचारायचा नेमका प्रश्न विचारला होता आणि अद्वैताकडे त्याचं उत्तरही होतं. ते मला ठाऊक नव्हतं, इतकंच. मिथ्या म्हणजे 'नाही' असं नव्हे. दोरीवर भासलेला साप, रोजचा व्यवहार आणि परमार्थ अशा सत्तेच्या तीन पातळ्या अद्वैती मानतात. व्यवहाराच्या पातळीवरचा हिशेब व्यवहारातच चुकता करावा लागतो, तिथं परमार्थाचं नाव सांगून सुटका होत नाही. याचा अर्थ, शंकराचार्यांच्या मतानंसुद्धा पाचशे रुपये हे पाचशे रुपयेच होते. त्या पातळ्यांची सरमिसळ मी केली होती, आणि ती माझ्या सोयीची होती. वरच्या खुर्चीवर बसलेल्यानं खालच्या माणसाला 'सगळं मिथ्या आहे' म्हणून सांगावं, 'फळाची आशा धरू नकोस' म्हणून बजावावं, हे आपल्याकडे घरोघरी आणि कचेरीकचेरीत चालत आलं आहे. आपल्या तत्त्वज्ञानाची सर्वांत मोठी हानी परक्यांनी केली असं मला वाटत नाही. ती ते न वाचता वापरणाऱ्या माझ्यासारख्यांनी केली.

खरं तर या प्रकाराला आळा घालणारी शिस्त आपल्या परंपरेतच होती. तिचं नाव पूर्वपक्ष. स्वतःचं मत मांडण्याआधी प्रतिपक्षाचं मत मांडायचं, आणि ते असं की खुद्द प्रतिपक्षानं म्हणावं, हो, मला हेच म्हणायचं आहे. मग त्याचं खंडन, मग आपला सिद्धान्त. चौदाव्या शतकातल्या माधवाचार्यांच्या 'सर्वदर्शनसंग्रहा'त सोळा दर्शनं आहेत आणि सुरुवात आहे चार्वाकापासून, म्हणजे वेद, आत्मा, परलोक सगळंच नाकारणाऱ्यापासून. चार्वाकांचे मूळ ग्रंथ जवळजवळ सगळे नष्ट झाले. आज ते आपल्याला माहीत आहेत ते मुख्यतः विरोधकांनी लिहून ठेवलेल्या पूर्वपक्षांमुळे. मराठीतही ही शिस्त होती. ज्ञानेश्वरांच्या 'अमृतानुभवा'त अज्ञानाच्या कल्पनेचं खंडन करणारं एक भलंमोठं प्रकरण आहे. तिथं ज्ञानदेव वकिलासारखे एकेक मुद्दा घेतात आणि निकालात काढतात.

मात्र या सभेत बसायला कुणाला परवानगी होती, हेही विसरून चालणार नाही. स्त्रिया आणि बहुजन दाराबाहेर होते. आपल्या विदर्भातल्या रिद्धपूरशी निगडित असलेल्या महानुभाव पंथात नागदेवाचार्यांनी आपल्या विद्वान शिष्याला संस्कृतात ग्रंथरचना करू नको असं सांगितल्याची आठवण नोंदलेली आहे. तसं केलं तर आपल्या स्वामींचा साधा परिवार त्याला मुकेल, हे त्यांचं कारण होतं. जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर या चार पदार्थांचं तत्त्वज्ञान तेराव्या शतकात मराठीत सांगितलं गेलं, ते या आग्रहातून. तत्त्वज्ञान कुणाच्या भाषेत चालतं यावर ते कुणाचं आहे हे ठरतं, ही गोष्ट आपल्या पूर्वजांना चांगली ठाऊक होती.

मग पश्चिम आली, इंग्रजी शिक्षणाबरोबर. तिच्याशी मराठी माणसानं कसा व्यवहार केला? मला त्यातली काही उदाहरणं फार मोलाची वाटतात. ती एकमेकांशी जुळणारी नाहीत, पण पूर्वपक्षाची शिस्त सगळ्यांनी पाळली आहे.

पहिलं अर्थातच टिळकांचं. मंडालेच्या तुरुंगात १९१०-११ च्या हिवाळ्यात त्यांनी पेन्सिलीनं 'गीतारहस्य' लिहिलं, ते १९१५ मध्ये प्रसिद्ध झालं. घरोघरी तो ग्रंथ आहे, पण उघडला जातो कमी. उघडलात तर दिसेल की टिळक एकदम गीतेवर येत नाहीत. हॉब्ज, मिल, स्पेन्सर, कांट, ग्रीन यांना ते आधी रांगेनं बोलावतात, पायरीपायरीनं त्यांची मतं सांगतात. जास्तीत जास्त लोकांचं जास्तीत जास्त सुख ज्यात आहे ते योग्य, हे मत घेतल्यावर ते विचारतात की पांडवांकडे सात अक्षौहिणी सैन्य होतं आणि कौरवांकडे अकरा. मग डोकी मोजली तर न्याय कुणाच्या बाजूचा ठरतो? आणखी एक उदाहरण ते अमेरिकेतल्या ट्रामचं देतात. कंपनीच्या व्यवस्थापकानं अधिकाऱ्यांना लाच देऊन परवानगी लवकर मिळवली, लोकांची सोय झाली, तरी लाच ती लाचच. नुसत्या परिणामावरून कृत्याची परीक्षा होत नाही, करणाऱ्याची बुद्धी पाहावी लागते, हा त्यांचा मुद्दा. बँकेत आयुष्य काढलेल्या माणसाला हे उदाहरण फार जवळचं वाटतं! निकाल त्यांनी गीतेच्या बाजूनं दिला. तो सगळ्यांना मान्य होईल असं नाही. पण मिलचं नावही न ऐकलेल्या मराठी वाचकाला त्यांनी आधी मिल समजावून दिला आणि मग त्याच्याशी भांडण मांडलं.

दुसरं उदाहरण अमळनेरचं. खानदेशातलं गिरणीचं गाव. तिथले गिरणीमालक श्रीमंत प्रतापशेठ यांनी १९१६ मध्ये तत्त्वज्ञान मंदिर उभं केलं. शेठजी म्हटलं की आपल्याला धर्मशाळा आठवते. या गृहस्थानं वेदान्त आणि पाश्चात्त्य तत्त्वज्ञान यांचा एकत्र अभ्यास व्हावा म्हणून संस्था काढली, अभ्यासकांना छात्रवृत्ती दिली. साने गुरुजी शिक्षक होण्याआधी अमळनेरला आले ते या मंदिरात तत्त्वज्ञान शिकण्यासाठी. मलकानी, रासविहारी दास, टी. आर. व्ही. मूर्ती यांच्यासारखे विचारवंत तिथं काम करत होते. या तिघांनी मिळून 'अज्ञान' या एकाच संकल्पनेवर पुस्तक लिहिलं, ते १९३३ मध्ये लंडनमध्ये छापलं गेलं. 'द फिलॉसॉफिकल क्वार्टर्ली' हे त्रैमासिक अमळनेरहून निघून जगभर जाई. त्याच दशकात बंगालचे कृष्णचंद्र भट्टाचार्य या संस्थेत होते. त्यांचं 'स्वराज इन आयडियाज' हे व्याख्यान पुढं प्रसिद्ध झालं. राजकीय गुलामी डोळ्यांना दिसते, पण विचारांची गुलामी माणसाला जाणवतसुद्धा नाही, तिलाच तो स्वतःचं मत समजतो, अशा आशयाची त्यातली मांडणी आहे. पण त्यांनी पश्चिमेकडे पाठ फिरवा असं सांगितलं नाही. ते स्वतः कांटचे गाढे अभ्यासक होते. परका विचार आपल्या भाषेत, आपल्या अनुभवावर घासून घ्या, मग ठेवा किंवा टाका, एवढं त्यांचं मागणं होतं.

तिसरं उदाहरण आपल्या नागपूरचं आहे, आणि माझ्या मते सर्वांत मोठं. डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१३ ते १९१६ न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात होते. तिथं जॉन ड्यूई हा अमेरिकी तत्त्वज्ञ त्यांचा शिक्षक. त्याचं ऋण बाबासाहेबांनी उघडपणे मान्य केलं आहे. लाहोरच्या परिषदेसाठी लिहिलेलं आणि ती रद्द झाल्यामुळे १९३६ मध्ये त्यांनी स्वतःच छापलेलं 'जातिसंस्थेचं निर्मूलन' हे भाषण घ्या. त्यात ते नियम आणि तत्त्व यांत फरक करतात. नियम सांगतो, अमुक कर. तत्त्व सांगतं, प्रसंग कसा जोखायचा. नियम पाळणाऱ्यावर जबाबदारी येत नाही, तत्त्वानं चालणाऱ्यावर येते. जो धर्म नुसत्या नियमांचा झाला, त्यात माणसाची विवेकबुद्धी उरत नाही. हा फरक ड्यूई आणि टफ्ट्स यांच्या नीतिशास्त्रावरच्या ग्रंथात आहे. पण जातिव्यवस्थेच्या गाभ्याला तो लावून दाखवण्याचं काम कोलंबियात कुणी करून ठेवलेलं नव्हतं. त्या संध्याकाळी नियमावर बोट ठेवून मी जेवायला गेलो तेव्हा हे वाचलेलं असतं तर बरं झालं असतं, असं मला पुष्कळदा वाटतं.

मग ३ ऑक्टोबर १९५४ रोजी आकाशवाणीवरच्या भाषणात बाबासाहेबांनी सांगितलं की स्वातंत्र्य, समता आणि बंधुता हे आपलं तत्त्वज्ञान आपण फ्रेंच राज्यक्रांतीकडून घेतलेलं नाही, ते बुद्धाच्या शिकवणुकीतून घेतलं आहे. दोन वर्षांनी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, या शहरात त्यांनी लाखो अनुयायांसह धम्मदीक्षा घेतली. आता आमच्यासारखे लोक लगेच विचारणार, मग हे ड्यूईचं की बुद्धाचं? आधी कोण? अभ्यासकांमध्येही यावर वाद आहेत. पण बाबासाहेबांनी काय केलं ते बघा. त्यांच्या निधनानंतर १९५७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथाच्या प्रारंभीच त्यांनी बौद्ध परंपरेपुढं चार प्रश्न ठेवले आहेत. म्हातारा, रोगी आणि प्रेत पाहून एकोणतिसाव्या वर्षी सिद्धार्थानं घर सोडलं, ही कथा पटण्यासारखी आहे का? चार आर्यसत्यं मूळ शिकवणुकीतली आहेत का? आत्माच नाही तर कर्म आणि पुनर्जन्म यांचं काय? भिक्षू कशासाठी, स्वतःच्या पूर्णत्वासाठी की समाजाच्या सेवेसाठी? ज्या धम्मात ते अनुयायांना घेऊन जाणार होते, त्यालाच त्यांनी हे प्रश्न विचारले. अमेरिकेतल्या शिक्षकाकडून उचललेली चिकित्सेची सवय त्यांनी बुद्धालाही लावली, आणि हा स्वतः बुद्धानंच दिलेला अधिकार आहे असं मानलं. गीतेबद्दल टिळक आणि आंबेडकर यांची मतं दोन टोकांची. पण परक्या विचारवंताला समोर बसवून त्याच्याकडून काम करून घेण्याची हातोटी दोघांकडे होती.

चौथं उदाहरण फारसं प्रसिद्ध नाही. १९८३ साली पुण्यात एक चर्चासत्र भरलं. दयाकृष्ण आणि आपले मे. पुं. रेगे, 'नवभारत'चे संपादक, हे त्यामागचे मुख्य सूत्रधार. त्यांना एक गोष्ट खुपत होती. विद्यापीठांत इंग्रजीतून तत्त्वज्ञान शिकवणारे प्राध्यापक एकीकडे आणि पाठशाळांत संस्कृतातून न्याय-मीमांसा शिकवणारे पंडित दुसरीकडे. एकाच देशातले हे दोन विद्वान आयुष्यभर एकमेकांशी बोलत नाहीत. म्हणून त्यांनी दोघांना समोरासमोर बसवलं आणि विषय घेतला चक्क बर्ट्रांड रसेलचा. 'पाऊस पडतो आहे' हे मराठीत म्हणा, तमिळमध्ये म्हणा, इंग्रजीत म्हणा. वाक्यं तीन, पण म्हणणं एक. हे जे 'म्हणणं', ते वाक्याहून वेगळं असं काही असतं का? कुणाला ठाऊक नसतानाही ते खरं किंवा खोटं असतं का? हा प्रश्न संस्कृतात मांडला गेला आणि पंडितांनी तो हातात घेऊन उलटसुलट तपासला. नैयायिकाची अडचण अशी की त्याच्याकडे वाक्य आहे, वाक्यातून होणारं ज्ञान आहे आणि ज्ञानाचा विषय आहे. खरं-खोटं ठरतं ते ज्ञान. मग रसेलची ही चौथी वस्तू राहते कुठं? त्या चर्चेचा ग्रंथ 'संवाद' या नावानं १९९१ मध्ये निघाला.

हे सगळं फार कोरडं वाटेल, म्हणून काउंटरवर या. चेक आला. नैयायिक म्हणतो की ज्ञान खरं की खोटं हे दुसऱ्या कशावरून तरी पडताळावं लागतं. तो नमुन्याची सही काढून ताडून बघणारा अधिकारी. मीमांसक म्हणतो की ज्ञान मुळातच प्रमाण असतं, उलट पुरावा आला तरच ते सोडायचं. तो म्हणणार, तक्रार नाही ना, मग द्या पैसे. दोघांचीही बाजू आहे. प्रत्येक वेळी पडताळणी करायची तर पडताळणीची पडताळणी कोण करणार? आणि न पडताळता विश्वास ठेवायचा तर बँक बुडणार. हा वाद आपल्याकडे हजारभर वर्षं चालला, आणि ज्ञान कशाला म्हणावं याबद्दल पश्चिमेत विसाव्या शतकात जे वाद झाले, त्यांत तो आजही उपयोगी पडतो. पण त्यासाठी तो आपल्याला आधी समजलेला पाहिजे. 'आमच्याकडे होतं' या वाक्यानं तो समजत नाही.

नागपूरकरांना हे नवं नाही. बारलिंगे याच गावचे. भारतीय तर्कशास्त्र आधुनिक तर्कशास्त्राच्या शेजारी बसवून त्यांनी इंग्रजीत ग्रंथ लिहिला, आणि पुण्याहून 'परामर्श' हे तत्त्वज्ञानाला वाहिलेलं त्रैमासिक मराठीतही काढलं. दि. य. देशपांडे यांनी १९९० मध्ये नागपुरातून 'आजचा सुधारक' सुरू केला. त्यात विवेकवादावर सलग लिखाण येई, आणि विरोधकांची पत्रंही छापून त्यांना मुद्देसूद उत्तरं दिली जात. मी तेव्हा ते मासिक वाचत असे. पुष्कळदा पटत नसे, पण न पटण्याची कारणं शोधावी लागत.

आता घरातली गोष्ट. नातीनं तत्त्वज्ञान घेते म्हटलं तेव्हा घरात दोन दिवस अबोला होता. "त्यात नोकरी कुठं आहे?" हा तिच्या वडलांचा प्रश्न. मीही त्यांच्याच बाजूनं होतो. कॉमर्स घे म्हणून मीच तिला सुचवलं. ज्या घरात सणावाराला 'आपल्या थोर तत्त्वज्ञाना'ची भाषणं होतात, त्या घरातल्या मुलीनं ते शिकायचं म्हटलं तर आम्ही घाबरलो. हे फक्त आमच्याच घरात घडलं असेल असं मला वाटत नाही.

ऑक्टोबर २०२४ मध्ये मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. आनंद झाला. रिद्धपूरला मराठी भाषा विद्यापीठही आलं. पण ज्या भाषेत वाद घातला जात नाही, तिचा दर्जा दिवाणखान्यातल्या ढालीसारखा नुसता बघायला राहतो. वाडेकरांनी संपादलेला तीन खंडांचा मराठी तत्त्वज्ञान-महाकोश १९७४ पासून आपल्याकडे आहे. पाश्चात्त्य आणि भारतीय संज्ञा त्यात शेजारी शेजारी नांदतात. ग्रंथालयात तो मागवून बघा. मी मागितला तेव्हा त्यावरची धूळ आधी मला झाडावी लागली.

विद्यापीठांनी काय करावं हे सांगण्याचा माझा अधिकार नाही. घराबद्दल बोलतो. पुढच्या वेळी जेवणाच्या टेबलावर कुणी फोन पुढं करून म्हणालं की आइनस्टाइनचं सगळं वेदांत आहे, तर त्याला हसू नका आणि 'वा' पण म्हणू नका. दोनच गोष्टी विचारा. आइनस्टाइन काय म्हणतो ते तुझ्या शब्दांत सांग. वेद काय म्हणतात ते तुझ्या शब्दांत सांग. तसंच, आपल्याकडे नुसत्या पोथ्या होत्या असं म्हणणाऱ्या हुशार भाच्यालाही विचारा की त्यातली कुठली पोथी त्यानं उघडली. आणि कुणी दुःखात असताना त्याला मिथ्यात्व ऐकवायच्या आधी खिशात हात घाला.

आमच्या रविवारच्या बैठकीनं आता एक नियम केला आहे, किंवा बाबासाहेबांचा शब्द वापरायचा तर तत्त्व. ज्याला जे मत पटत नाही त्यानं ते मांडायचं. शंकराचार्यांचा अभिमानी मित्र येत्या रविवारी देकार्तची बाजू घेणार आहे. गेले दोन आठवडे तो माझ्या नातीकडून शिकवणी घेतो आहे आणि काल फोनवर मला म्हणाला, "अरे, हा माणूस वाटला तेवढा सोपा नाही रे." बौद्धांची बाजू माझ्याकडे आली आहे. माझी तयारी अजून व्हायची आहे.

तो कॅशियर आता कुठं असतो मला ठाऊक नाही. तोही निवृत्त झाला असेल. भेटला तर पाचशे रुपये मी देणं लागतो. त्या वेळचे पाचशे.